कुठेतरी पाणी मुरतंय

९ फेब्रुवारी, सोमवार

आज माझ्याच दुकानात, माझ्याच डोक्यावरून डाग पडला. डॉक्टरीणबाईंचा पांढरा कोट टेबलावर पसरून कॉलरला इस्त्री फिरवत होते आणि टप्पकन कोटाच्या पाठीवर थेंब. चहाच्या रंगाचा. आधी वाटलं, मलाच घाम आला. वर पाहिलं तर छताला ताटाएवढा पिवळा डाग, कडेने तपकिरी रेघ आणि मधोमध दुसरा थेंब लोंबतोय, पडू की नको करत.

जन्म गेला माझा लोकांचे डाग काढण्यात. शाई, रक्त, गंज, वंगण, काय म्हणाल ते. आणि आता माझ्याच लाँड्रीत वरून डाग टाकायला सुरुवात. वर राहतो दादा, माझा सख्खा थोरला भाऊ. घर दोघांचं. खाली मी आणि माझी लाँड्री, वर तो एकटा. इस्त्रीच्या टेबलाच्या बरोबर वर त्याचं स्वयंपाकघर येतं. आमचं बोलणं बंद आहे, त्यामुळे वर जाऊन सांगण्याचा प्रश्नच येत नाही.

कोट परत धुतला. कोटावरचा गेला. छतावरच्याला उद्या बघते.

१० फेब्रुवारी, मंगळवार

स्टुलावर चढून छताला ब्लीच लावलं. ब्रशने घासलं. मान मोडायची वेळ आली, पण डाग फिका पडला. मी खूश. संध्याकाळी दिवा लावला तर डाग परत जागेवर, वर आणखी चार बोटं पसरलेला.

कपड्यावरचा डाग उलट्या बाजूने काढायचा असतो. हे मी नव्या गिऱ्हाइकालासुद्धा सांगते. सुलट बाजूने घासलात की तो आत जाऊन बसतो आणि मग निघता निघत नाही. पण या छताची उलट बाजू म्हणजे दादाची फरशी. तेव्हा सुलट बाजूनेच घासला. दुसरं करणार काय?

टेबल भिंतीकडे सरकवलं. थेंबाखाली बादली ठेवली.

१३ फेब्रुवारी, शुक्रवार

प्लंबर येऊन गेला. बडबड्या माणूस. पाच मिनिटं मान वर करून उभा राहिला आणि मग फार मोठा शोध लावल्यासारखं म्हणाला, "ताई, कुठेतरी पाणी मुरतंय."

म्हटलं, "ते माझ्या बादलीलाही कळलंय. कुठे, ते सांगा."

"वर. सिंकच्या पाइपाचा सांधा गेलाय. वर नळ वापरला की सांध्यातून पाणी स्लॅबमध्ये उतरतं. वरची फरशी उघडू, अर्ध्या दिवसाचं काम."

"वरचं सोडा. खालून काय करता येईल?"

"खालून?" तो हसला. "खालून छत्री धरता येईल."

त्याला चहा पाजून घालवला. खालूनच काहीतरी करीन. त्या माणसाच्या दारात मी जाणार नाही. त्यानेच मला दार दाखवलंय.

इथे कोण वाचणार आहे, तर लिहूनच टाकते. मागच्या वर्षी वहिनी गेली. हिंडतीफिरती बाई, दोन आठवड्यांत आटोपली. ती गेल्यावर आठवड्याभराने मी वर गेले, तर स्वयंपाकघरातल्या खुर्चीच्या पाठीवर तिचा हिरवा स्वेटर तसाच टाकलेला. कोपरांवर मळलेला, बाहीला तेलाचा डाग. माझ्याने बघवेना. खाली आणला, हाताने धुतला, वाफ दिली, छान घडी घालून वर ठेवला. वाटलं, दादाला बरं वाटेल. त्याने तो नाकाशी नेला आणि माझ्याकडे असं पाहिलं, की मी एक पाऊल मागेच सरले. म्हणाला, "ठमे, तू तिला धुऊन टाकलंस." मग म्हणाला, "जा खाली. परत वर येऊ नकोस."

ठमी हे माझं लहानपणीचं नाव. आणि स्वेटर हा 'तो' असतो. 'तिला' काय? एवढा शिकलेला माणूस, आयुष्यभर नोकरी केली, आणि रागाच्या भरात व्याकरणही सुटलं. मळका कपडा धुऊन दिला यात मी काय पाप केलं, ते मला अजून कळलेलं नाही. नाही गेले परत. मलाही मान आहे.

१६ फेब्रुवारी, सोमवार

बादलीपायी एक गोष्ट ध्यानात आली. सकाळी थेंब अगदी तुरळक असतात. दुपारी मी दुकान बंद करून जेवायला बसते, तेव्हा वर नळ सुरू होतो आणि त्यानंतर गळणं वाढतं. नळही पूर्ण सोडलेला नसतो. बारीक धार. कितीतरी वेळ.

वहिनी भांडी घासायची ती अशाच बारीक धारेखाली. नळ बंद करणं तिला कधी जमलंच नाही.

आणि दादा? दादा पाणीखात्यात मीटर वाचायचा. दुसऱ्याच्या घरी पाहुणा म्हणून गेला तरी त्यांचे नळ आवळून यायचा. दात घासताना मी नळ चालू ठेवला म्हणून लहानपणी माझ्या पाठीत धपाटे घातलेत त्याने. तो माणूस दुपारभर नळ चालू ठेवील, हे मी मेले तरी मानणार नाही.

मग वर नळ सोडतं कोण?

१७ फेब्रुवारी, मंगळवार

कालचं शेवटचं वाक्य आज वाचलं आणि स्वतःलाच हसले. वय झालं माझं.

१९ फेब्रुवारी, गुरुवार

हसले खरी. पण आज डाग जरा जास्तच वेळ पाहत बसले. वरचा भाग गोल झालाय. खाली मानेसारखी अरुंद जागा, मग दोन्ही बाजूंना खांदे उतरलेत. पाठमोरी बाई सिंकपाशी उभी असावी तशी. एक खांदा किंचित खाली. वहिनीचाही डावा खांदा तसाच खाली असायचा.

गिऱ्हाईक बाईला विचारलं, "हा डाग कशासारखा दिसतो हो?" ती म्हणाली, "बटाट्यासारखा." बरं वाटलं. पण ती गेल्यावर पुन्हा वर पाहिलं, तर बटाटा काही दिसेना.

२२ फेब्रुवारी, रविवार

आज दुकान बंद. दुपारी त्या खोलीत उगाच स्टूल घेऊन बसले, कानोसा घ्यायला. लिहायला लाज वाटते, पण ऐकलं ते लिहिते.

नळ सुरू झाला. मग खुर्ची सरकली. मग दादाचा आवाज. शब्द कळत नव्हते, पण बोलणं चालू होतं. तो बोलायचा, मग थांबायचा. कुणीतरी उत्तर देत असावं आणि आपण ऐकून घ्यावं, तेवढा वेळ थांबायचा. मग पुन्हा बोलायचा. मध्येच हसला. वर्षभरात मी त्याचं हसणं ऐकलेलं नाही.

त्याच्याकडे कुणी येत नाही. जिना बाहेरून आहे, माझ्या दारावरून जातो, कुणी चढलं की मला कळतं. कुणीही चढलेलं नाही.

संध्याकाळी भाचीचा फोन आला. दादाची मुलगी, दुसऱ्या गावी असते. "आत्या, बाबा बरे आहेत ना गं? फोनवर नुसतं हं हं करतात."

"मला काय माहीत? ते आणि त्यांची..." म्हणता म्हणता जीभ चावली.

"त्यांची काय?"

"काही नाही. त्यांची तंद्री."

"मार्चच्या पहिल्या आठवड्यात येऊन त्यांना थोडे दिवस इकडे घेऊन जाईन म्हणते. बघू, रजा मिळाली तर."

म्हटलं, जरूर ने. मनात म्हटलं, सगळ्यांनाच ने.

२५ फेब्रुवारी, बुधवार

प्लंबरला पुन्हा बोलावलं. "मी येत नाही, तुम्हीच वर जा, पाइप बघा," म्हटलं. दुपारची वेळ मुद्दामच साधली होती. गेला आणि लगेच खाली आला.

"काय म्हणाले?"

"म्हणाले, माझ्याकडे काही गळत नाही. आणि दार लावून घेतलं."

"आत कोण होतं?"

"कोणी नाही. आजोबा एकटेच. दाराच्या फटीतून दिसलं तेवढं सांगतो. सिंकमध्ये नळ चालू, बारीक. बाजूला खुर्ची टाकलेली, खुर्चीच्या पाठीला हिरवं काहीतरी. हातात पेपर. मी दार वाजवायच्या आधी मोठ्याने वाचून दाखवत होते."

"कुणाला?"

त्याने खांदे उडवले. "ते काही दिसलं नाही, ताई."

वहिनीला लिहिता-वाचता यायचं, पण भांडी घासताना ती दादाकडून पेपर वाचून घ्यायची. रोज. कुठे भाव वाढले, कुणाचं काय उलथलं. तिचे हात पाण्यात, त्याचे डोळे पेपरात. आणि तो मध्येच म्हणायचा, नळ बंद कर गं. मी कितीदा पाहिलंय. म्हणजे ती खरंच येते. मला दिसत नाही, प्लंबरला दिसत नाही, दादाला दिसते. आणि माझ्याकडे पाठ करून छतात उभी राहते.

राग येतो मला. वहिनीची माझ्याशीही गट्टी होती. दोन घटका खाली यायची, बटणं लावून द्यायची. मग येतेस तर सरळ ये की. माझ्या कपड्यांवर थेंब काय टाकतेस?

२८ फेब्रुवारी, शनिवार

बाजारातून छताला लावायचा लेप आणला. डब्यावर लिहिलंय, ओल कायमची बंद. दुकानदार म्हणाला, आधी पोपडे खरवडा, मगच लावा. तेव्हा पट्टी घेऊन खरवडायला बसले. खर्र खर्र असा आवाज, डोक्यात चुना, डोळ्यांत चुना. डागाच्या खांद्यावरून पट्टी फिरवताना हात जरा अडखळला. पण फिरवली.

आणि वरून ठक ठक ठक! दादाची काठी. फरशीवर आपटत होता. म्हणजे आवाज बंद करा. मी कुंचा उचलला आणि दांड्याने छताला ठोकलं, ठक ठक ठक. म्हणजे तुम्हीच बंद करा. तो पुन्हा, मी पुन्हा. वर्षभराने भावाबहिणीत झालेलं पहिलं बोलणं ते हे. शेवटचं ठोकणं माझं होतं. जिंकले.

खोटं कशाला बोलू, मजा आली.

३ मार्च, मंगळवार

लेपाचे दोन हात मारले. खालचं ओलंच होतं. दुकानदाराने बजावलं होतं की वाळल्याशिवाय लावू नका, पण वाळायची वाट बघत बसले तर मी म्हातारी होईन, म्हणजे आहे त्याहून. कपाटावर टेबलफॅन चढवून वरच्या दिशेने लावून ठेवला.

लेप राखाडी आहे. डाग झाकला गेला. मान, खांदे, सगळं. दुपारी वर नळ सुरू होता, तो बोलत होता. मी फॅनचा वेग वाढवला.

४ मार्च, बुधवार

बंद! गळणं बंद!

दुपार उलटून गेली तरी बादलीत एक थेंब नाही. हात लावून पाहिलं, लेप वाळत आलाय. प्लंबरला मुद्दाम फोन करून सांगितलं, "खालून छत्री धरायची गरज उरली नाही हो." तो म्हणाला, "असं होत नसतं, ताई." म्हटलं, "झालंय. येऊन बघा." सगळे मेले आपल्या अकलेचे. आनंदाच्या भरात दोन साड्या जास्तीच्या इस्त्री करून टाकल्या.

दुपारी वर काहीतरी मोठ्याने आदळलं होतं. आपटा म्हटलं, काय आपटायचं ते. लेपाचा उग्र वास वर गेला असणार, साहेबांचं पित्त खवळलं. संध्याकाळी दिवेलागणीला मग काठी सुरू झाली. ठक ठक. थोडं थांबून ठक ठक. त्या दिवशीसारखा जोर नव्हता, पण चिवटपणा तोच. मी काम टाकून कुंचा घेतला आणि असा दणका दिला की लेपाचा टवका उडाला. तीनदा. वर गप्प.

५ मार्च, गुरुवार

सकाळी बादली कोरडी. कोपऱ्यात ठेवून दिली. टेबल जागेवर आणलं. छताला हात लावला तर खडखडीत.

पाववाला रोज सकाळी दादाच्या जिन्याच्या कठड्याला पिशवी अडकवून जातो. आज दुपारपर्यंत ती तशीच होती. तेव्हा उलगडा झाला. भाची येऊन घेऊन गेली असणार. पहिला आठवडा म्हणाली होतीच. पहाटेच्या गाडीने गेले असतील, मी झोपेत असताना. खाली आत्या राहते, तिला एका शब्दाने सांगावं, हे नाही सुचलं दोघांना. बाप तशी लेक. पाव खाली आणून ठेवला, नाहीतर कावळे खातील.

लेपावर पांढऱ्या रंगाचा एक हात दिला. इतकं स्वच्छ छत मी कित्येक वर्षांत पाहिलेलं नाही. पण दुपारी जेवायला बसले आणि घास उतरेना. वर नळ वाजला नाही. कुणी बोललं नाही, कुणी हसलं नाही. दादा नाही म्हटल्यावर कुठून वाजणार, ते कळतं मला. तरी सारखं वाटत राहिलं, की आपण कुणाला तरी बाहेर ठेवून दार लावून घेतलंय.

आणि मग, ऊन उतरता उतरता, वर भांडं वाजलं.

वर कुणी नसताना. काठी नव्हे, भांडं. स्टीलचं भांडं फरशीवर टेकवावं तसं. टण. मग बराच वेळ काही नाही. पुन्हा टण. वहिनी घासलेलं भांडं पालथं घालायची तेव्हा असाच आवाज यायचा. दार उघडं टाकून अंगणात जाऊन उभी राहिले. रस्त्यावर माणसं जात होती, एक बाई पिशवी सावरत चालली होती. सगळं जगासारखं जग. परत आत आले, तर टण.

मग मात्र मला तिची दया आली. दादा गेला लेकीकडे, आणि ही एकटीच वर राहिली. हिची उभी राहायची जागासुद्धा मी रंगवून टाकली. मी कुंचा घेतला. दांड्याला फडकं गुंडाळलं, आणि अगदी हळू, तिला समजेल इतकंच, छताला दोनदा टेकवलं. "वहिनी," म्हटलं, "मी आहे गं खाली. घाबरू नकोस." रडू आलं. वर्षभरात आलं नव्हतं ते आज आलं.

त्यानंतर भांडं वाजलं नाही. तिला कळलं असावं.

६ मार्च, शुक्रवार

सकाळी भाचीचा फोन. "आत्या, बाबा दोन दिवस फोन उचलत नाहीयेत. जरा वर बघतेस का?"

म्हटलं, "तुझ्याकडेच आहेत ना?"

"माझ्याकडे? मला रजाच नाही मिळाली."

पुढचं आज लिहवत नाही.

८ मार्च, रविवार

लिहिते. नाहीतर डोकं फुटेल.

वरची किल्ली माझ्या दाराशेजारच्या खिळ्यालाच असते. जिना कसा चढले आठवत नाही. दार उघडलं. दादा स्वयंपाकघरात फरशीवर पडला होता, एका कुशीवर. खुर्ची उलटी. काठी दूर कपाटाखाली गेलेली. हाताशी स्टीलची वाटी. नळ बंद होता. डोळे उघडे होते, आणि मला वाटलं, संपलं. मग ओठ हलले. फुटलेले, पांढरे पडलेले ओठ.

"पाणी," म्हणाला.

जन्मभर जो लोकांचं पाणी मोजत हिंडला, तो स्वतःच्याच सिंकपासून हातभर अंतरावर पाण्यावाचून दोन दिवस पडला होता. मी चमच्याने पाजलं. अर्धं त्याच्या मानेवर सांडत होतं. मी अँब्युलन्स बोलावली. ती येईपर्यंत फरशीवर त्याच्या शेजारी बसून राहिले. त्याला थंडी वाजत होती. हाताला लागला तो हिरवा स्वेटर, तोच त्याच्या अंगावर घातला. त्याने तो गालाखाली ओढून घेतला. त्याला साबणाचा वास येत होता, माझ्या दुकानाचा. दुसरा कसलाच नाही. तेव्हा मला ते 'तिला' कळलं.

खुबा मोडलाय. पाणी कमी पडल्याने मूत्रपिंडांवर ताण आलाय. डॉक्टर म्हणाले, आणखी एक दिवस गेला असता तर बोलायलाच नको होतं. भाची रात्रीच्या गाडीने आली. आल्याबरोबर माझ्या गळ्यात पडली. "आत्या, तू होतीस म्हणून." मी तिच्या पाठीवरून हात फिरवत राहिले.

बुधवारी दुपारी पडला. म्हणजे तो आदळल्याचा आवाज. म्हणजे ती काठी. आणि ते भांडं. मी पंधरा फुटांखाली पाव सांभाळत, छत रंगवत होते.

वर कोण होतं, तेही आता कळलं. कोणी नव्हतं. नळ तोच सोडायचा, तिचा आवाज यावा म्हणून. डाग म्हणजे सांध्यातून गळलेलं पाणी होतं. प्लंबरने पहिल्याच दिवशी सांगितलं होतं. मी मेलेल्या बाईला ओ दिली, आणि जिवंत माणूस हाका मारत होता.

११ मार्च, बुधवार

ऑपरेशन झालं. ठीक झालं म्हणतात. मी दुकान बंद ठेवलंय. दारावर पाटी लावली, कपडे पुढच्या आठवड्यात मिळतील. प्लंबर येऊन वरची फरशी उघडून गेला. एरवी इतका बोलणारा माणूस, सांधा बदलला, पांढऱ्या छताकडे एकदा पाहिलं आणि गुपचूप निघून गेला.

दादाला सांगायचं ठरवलंय. मी ऐकलं होतं, आणि भांडत होते. मग ऐकलं, आणि भूत समजले. काय बोलायचं ते बोल, पुन्हा बोलणं टाकायचं तर टाक. पण सांगायचं. वाक्य जुळवतेय. कसंही जुळवलं तरी कुंच्यापाशी येऊन अडतं.

१२ मार्च, गुरुवार

आज दादा नीट शुद्धीवर होता. भाची औषधं आणायला खाली गेली होती. मी खुर्ची ओढून बसले, घसा साफ केला, तेवढ्यात तोच बोलला. आवाज खोल गेलाय, पण स्पष्ट.

"ठमे."

"ओ."

"पडलो तेव्हा आधी वाटलं, संपलं. कोणाला कळणार? तू तर बोलत नाहीस."

"दादा, मला सांगायचंय..."

"थांब, मला बोलू दे. दम लागतो." त्याने डोळे मिटून घेतले आणि मग उघडले. "काठी हाताशी होती. ठोकलं. तू वर ठोकलंस, दणदणीत. म्हटलं, चिडलीये अजून. पण ऐकलं तर आहे. नुसतं ऐकलं, तरी धीर आला बघ. मग काठी सुटली हातातून. दुसऱ्या दिवशी वाटी मिळाली. ती वाजवली, जेवढी वाजवता येईल तेवढी. बराच वेळ काही नाही. आणि मग तू ठोकलंस. हळू. अगदी हळू."

मी चादरीवरची सुरकुती हाताने सपाट करत राहिले.

"तेव्हा कळलं, राग गेला हिचा," दादा म्हणाला. "म्हणून मग मी वाजवायचं थांबवलं. म्हटलं, आता येईल. किल्ली शोधत असेल."

त्याने चादरीवरचा हात माझ्याकडे सरकवला, तळवा वर करून. वर्षभरानंतर.

"किल्ली सापडायला वेळ लागला का गं?"

मी त्याचा हात धरला आणि हो म्हटलं.